कोणाच्या समक्ष

ग्राहकाचे नाव

साल्वासियोन दे ला पेन्या, असं कागदावर होतं. बाप्तिस्म्यानंतर त्या नावानं तिला कोणी हाक मारली नव्हती. तिनागबो गावात ती साल्विंग, आणि होड्यांवरच्या माणसांना नुसती बर्फवाली. आठ वर्षं ती पिशव्यांत पाणी भरून गाठी मारत आली होती, दिवसाला दीडशे. गाठ ओढताना प्लास्टिकची कड डाव्या तर्जनीवर जिथं घासायची तिथं कातडीला कायमची खाच पडली होती. खारं पाणी लागलं की ती चुरचुरायची.

कागदावर नावाच्या खाली छापलं होतं: सभासद आणि मालक. वीज पुरवणारी संस्था सहकारी होती, त्यामुळे वीज घेणारा प्रत्येक जण तिचा मालक होता.

तारीख आणि वेळ

म्हातारा मेर्सो गेला त्याचा सहावा दिवस. दुपारचे तीन. पावसाळी वाऱ्यानं समुद्र काळवंडलेला, एकही होडी बाहेर नाही.

मेर्सोच्या घरात वीज नव्हती, कधीच नव्हती. पण मयताला अंधारात ठेवत नाहीत. म्हणून साल्विंगनं पहिल्याच दिवशी आपल्या घरातून वायर काढून रस्त्यापलीकडे दिली होती. दोन दिवे शवपेटीच्या डोक्याशी, एक पंखा पायाशी आणि एक बल्ब अंगणात, ताडपत्रीखाली पत्त्यांच्या टेबलावर. मयताला सोबत म्हणून, पुरेपर्यंत, नऊ दिवस पत्ते चालू राहतात. खेळणारे उठले की दुसरे बसतात. पावसानं इतकं अंधारून आलं होतं की दुपारीही बल्बाशिवाय बदाम की चौकट कळत नव्हतं.

टेबलावर तिघं होते. एक साल्विंगचा नवरा पुलो. दुसरी मासळी उचलून बाजारात विकणारी पासिंग, जिचा आवाज धक्क्यावरून थेट चर्चपर्यंत जायचा. तिसरा दोमेंग फाबिला, गावचा रखवालदार, अंगात रखवालदाराचं पिवळं जाकीट. साल्विंगच्या पोरीच्या बाप्तिस्म्याला तो धर्मपिता म्हणून उभा राहिला होता, तेव्हापासून तो तिला 'मारे' म्हणायचा आणि ती त्याला 'पारे'.

त्या डावावर पासिंगनं कोंबडा लावला होता. झुंजीचा, तांबड्या मानेचा.

संस्थेची गाडी कधी आली ते ताडपत्रीखाली कोणाला कळलं नाही. मीटर रस्त्याकडेच्या खांबावर होतं, मध्ये केळीचं बन. साल्विंग भाताच्या पातेल्याशी वाकलेली होती. एकाएकी पंखा थांबला, दिवे गेले, बल्ब गेला, आणि त्याच घडीला टेबलावरून पासिंगची किंकाळी आली.

"अंधारात टाकलं! पान अंधारात टाकलं यानं!"

"आधी टाकलं! दिवा होता तेव्हा टाकलं!" दोमेंग उभा राहून ओरडत होता. "माझ्या आयुष्यातला असला डाव, आणि ही म्हणते अंधारात! पुलो, बोल ना, पारे! तू बघितलंस."

"मी पाहिलं नाही," पुलो म्हणाला. पुलो कधीच काही पाहत नसे. भांडणात तर नाहीच.

भांडण रंगात असताना तीन माणसं ओलीचिंब ताडपत्रीखाली आली. पुढच्याचं नाव विलाफ्लोर, संस्थेचा तपासनीस. त्याच्या हातात प्लास्टिकच्या पिशवीत तिचं मीटर होतं, कोणीतरी मासा आणावा तसं. साल्विंगनं ते पाहिलं. पण मयताच्या घरी आलेल्या माणसाला आधी विचारायचं ते एकच, आणि तेच तिच्या तोंडून निघालं.

"जेवलात का?"

ते जेवले. पानात बांधलेला चिकट भात, सुकी मासळी, कॉफी. जेवताना विलाफ्लोर म्हणाला की मीटर तपासणीला नेतोय, फार काही नाही, नेल्याची पोच द्या. जेवत्या माणसाकडे कागद मागून ओळ न् ओळ वाचायची म्हणजे त्याच्या ताटातला घास मोजण्यासारखं. साल्विंगनं कमरेला गुंडाळलेल्या पंच्याला हात पुसले आणि सही केली.

मग कागद पत्त्यांच्या टेबलावर गेला. दोमेंगनं एका हातानं कोंबड्याचे पाय धरले होते. दुसऱ्या हातानं, पासिंगला शिव्या देत देत, विलाफ्लोरनं बोट दाखवलं तिथं त्यानं नाव लिहिलं.

काय आढळले

सील नाही. दुसऱ्या घराला वायर. मीटरशी छेडछाड. वीजचोरी.

हे तिला नऊ दिवस सरल्यावर, मेर्सोला पुरून आल्यावर, टपालानं कळलं. मागच्या काळाची फरकाची रक्कम अडुसष्ट हजार पेसो. भरा, चोरी कबूल असल्याची सही करा, मग जोडणी.

सील नव्हतं हे खरं होतं. दोन वर्षांपूर्वीच्या वादळात खांब आडवा झाला तेव्हा संस्थेच्याच माणसांनी मीटर परत टांगलं होतं. "सीलं संपलीत, मानांग," कुठल्याही वडीलधाऱ्या बाईला म्हणावं तसं त्यांतला एक म्हणाला होता. "पुढच्या खेपेला लावतो." त्यांनाही तिनं जेवायला घातलं होतं. खेकडे होते त्या दिवशी. पुढची खेप आली नाही.

(या रकान्यात काही लिहू नये)

बर्फ वितळायला दीड दिवस लागला. आधी वरच्या पिशव्या मऊ झाल्या, मग फ्रीझरच्या तळाशी पाणी साचलं, मग त्यात पिशव्या मेलेल्या जेलीफिशसारख्या तरंगायला लागल्या. तिनं एकेक पिशवी काढून गाठ सोडली आणि पाणी बादलीत ओतलं. आपण मारलेल्या गाठी इतक्या घट्ट असतात हे तिला पहिल्यांदा कळलं.

वारा उतरला, होड्या निघायला लागल्या. बर्फ द्यायलाच हवा होता. एकदा लोक दुसरीकडे गेले की परत येत नाहीत. मग ती पहाटे तालुक्याच्या गावी जाऊ लागली. तिथं लाद्या मिळत. तीन लाद्या तुसाच्या पोत्यांत गुंडाळून तीनचाकीच्या टपावर बांधायच्या आणि जागा वाचावी म्हणून स्वतः मागच्या दांडीवर उभं राहायचं. अकरा मैल. टपावरून गळणारं गार पाणी मानेवर, मानेवरून पाठीत, आणि समोरून ऊन. गावात येईतो लादीची तीन बोटं जाडी गेलेली असायची. मग वाळूवर पोतं पसरून करवत. बर्फ कापताना करवत आधी घसरते, मग एकदम धरते, आणि धरली की खांद्यातून कळ निघते. आठव्या दिवशी तिला उजवा हात डोक्यावर नेता येईना. केस पुलोनं बांधून दिले.

दोन्ही अंगांना बांबूची उलांडी असलेल्या होड्यांवरची माणसं उभ्या उभ्या बर्फ घेत. आधी ती तिच्याशी बोलत, बायकापोरांच्या तक्रारी सांगत. आता नुसती बर्फाकडे बघत.

एकदा एक जण म्हणाला, "हा शहरातला दिसतोय. चोरीचा जास्त गार असायचा."

बाकीचे हसले. पुलो तिथंच जाळं झटकत होता. त्यानं ऐकलं नाही.

घरी आल्यावर तो म्हणाला, "सही करून टाक. हप्त्यानं भरू."

"चोरी कबूल म्हणून?"

"एकदा केलीच आहेस की सही."

तिनं हातातली करवत भिंतीला टेकवली. ती हळू ठेवली, म्हणून पुलोला जास्त भीती वाटली.

"तू टेबलावर होतास," ती म्हणाली. "दिवा गेला तेव्हा दोमेंग तुझ्या समोर बसला होता. कागदावर लिहिलंय की तो खांबापाशी उभा राहून मीटर उतरवताना बघत होता."

"मी पाहिलं नाही."

"तीन वितींवर बसला होता तो!"

"तो माझा पारे आहे, साल्विंग. त्याचं जाकीट जाईल. आणि नवऱ्याचं कोण खरं मानतं?"

मागील बाजू

कागदाच्या मागे बारीक अक्षरात नियम होते. साल्विंगनं पासिंगचा चष्मा मागून आणला आणि दोन संध्याकाळी ते वाचले. अकरावा नियम तिनं नखानं खूण करून ठेवला. मीटर उतरवताना संस्थेबाहेरचा, गावच्या कारभारातला एक माणूस समक्ष हजर पाहिजे. नसेल तर तपासणी धरू नये. दुसऱ्या दिवशी तिनं वीज खात्याकडे तक्रार पाठवली.

कोणाच्या समक्ष

दोमेंग घरामागे कोंबड्याला आंघोळ घालत होता. महिन्याभरात त्यानं कोंबड्याचं नाव ठेवलं होतं, सेन्यॉर, म्हणजे साहेब, आणि सेन्यॉर एक झुंज जिंकलाही होता. दोमेंग त्याला काखेत घेऊनच गावात हिंडायचा. चर्चला जातानासुद्धा.

"बस, मारे. कॉफी?"

"नको." असं ती पहिल्यांदाच म्हणत होती, आणि दोघांनाही ते कळलं.

तिनं कागद पुढे केला. त्यानं ओल्या हातानं धरला नाही, लांबूनच बघितला.

"माझं अक्षर आहे," तो म्हणाला.

"मंगळवारी सुनावणी आहे. वीज खात्याच्या मोठ्या बाई शहरातून येणार आहेत. तू एवढंच सांग, तू कुठं होतास."

दोमेंगनं कोंबड्याचा पंख उचलून त्याखाली पाणी सोडलं. "गावप्रमुखानं बोलावून घेतलं होतं मला. म्हणाला, कागदावर लिहिलंय तेच बोलायचं. कामाच्या वेळेत जुगार, वर खोटी साक्ष. जाकीट तर जाईलच, मारे. आणखी काय काय जाईल."

"माझं काय काय जातंय ते बघतोस ना?"

"बघतोय." खरंच बघत असावा, त्याची नजर तिच्या एका बाजूला झुकलेल्या खांद्यावर होती. "पण चौदा वर्षं घातलंय ते जाकीट. ते काढलं तर मी कोण? नुसता एक म्हातारा. काखेत कोंबडा."

साल्विंग उठली. कुंपणापाशी थांबून ती म्हणाली, "पासिंग अजून म्हणते, पान अंधारात टाकलंस."

त्याच्या हातातलं टमरेल खाली आदळलं. "त्या बाईला सांग! तोंडावर सांग तिला! दिवा होता! तीन एक्के दिव्यात टाकलेत मी! कोणासमोरही सांगेन!"

"कोणासमोरही?"

"पोपसमोर!"

तिथून ती पासिंगकडे गेली. पासिंग माशांचे खवले काढत होती.

"साक्ष मी देणार नाही, आधीच सांगते," पासिंग म्हणाली. "जुगार खेळले म्हणून सरकारी कागदावर लिहून द्यायला मला वेड लागलंय का? माझा बाजारातला परवाना आहे."

"साक्ष नको. मंगळवारी तू मासळी घेऊन तालुक्याला जाणारच आहेस. कचेरीत येऊन नुसती मागच्या बाकावर बस."

"बसून काय करू?"

"काही नको. दोमेंग येणार आहे. कोंबडा घेऊन."

पासिंगची सुरी थांबली.

ग्राहकाचे म्हणणे

(या रकान्याला तीन ओळींची जागा होती.)

कचेरीच्या माडीवर पंखा होता आणि चालत होता. खात्याच्या बाई, वकील मॉन्तेसा, पन्नाशीच्या, बारीक चणीच्या; प्रत्येक कागद वाचून उलटा ठेवत. विलाफ्लोरनं इस्त्रीचा सदरा घातला होता. दोमेंगनं जाकीट धुवून आणलं होतं. खाली तीनचाकीच्या दांडीला सेन्यॉर बांधलेला होता आणि मधून मधून आरवत होता. पुलो दाराशी टोपी हातात घेऊन उभा. मागच्या बाकावर पासिंग, पायाशी मासळीची रिकामी टोपली. त्या वासानं कारकुनानं खिडकी उघडली.

विलाफ्लोरनं अहवाल वाचला. सील नाही, दुसऱ्या घराला वायर. ग्राहकाची सही. साक्षीदाराची सही.

"वायर कशाला दिली होती?" बाईंनी विचारलं.

"शेजारी मयत होतं, अ‍ॅटर्नी," साल्विंग म्हणाली. "ती वीज माझ्याच मीटरमधून जात होती. माझ्याच बिलात आली असती."

बाईंनी मान हलवली. ती हो म्हणून की नुसती ऐकल्याची, कळलं नाही. "सील कोणी काढलं याचा पुरावा दोघांकडेही दिसत नाही. तेव्हा तपासणी नियमानं झाली का, एवढंच मला बघायचंय. साक्षीदार?"

दोमेंग उभा राहिला.

"मीटर उतरवलं तेव्हा तुम्ही कुठं होता?"

"समक्ष होतो, अ‍ॅटर्नी." हे त्यानं पाठ केलं होतं. "खांबापाशी. सील नव्हतं. पाहिलं."

बाई लिहायला लागल्या. पेनाचा आवाज साल्विंगला पंख्याच्या घरघरीतही ऐकू येत होता. ही ओळ पुरी झाली की फ्रीझरला कुलूप, तिला दिसत होतं. आणि वाळूवरचं ते हसणं जन्मभर. ती उठली.

"एक विचारू का?"

"विचारा."

"पारे, मीटर माझं. ते खांबावरून सुटलं त्याच घडीला मेर्सोच्या अंगणातला दिवा गेला. बरोबर?"

दोमेंगनं विलाफ्लोरकडे पाहिलं. "गेला असेल."

"आणि तू खांबापाशी होतास. टेबलावर नव्हतास."

"कागदावर लिहिलंय तसं."

"बरं." ती मागं वळली. "मानांग पासिंग, खाली कोंबडा बांधलाय. घेऊन जा. हा टेबलावर नव्हताच, तर डाव कसला?"

खाली सेन्यॉर आरवला. मग पासिंग उठली आणि टोपली लाथेनं उडाली.

"महिनाभर! महिनाभर बोंबलतेय मी, याला पान टाकताना कोणी बघितलं नाही! आता कळलं! हा तिथं नव्हताच! चोरा, माझा कोंबडा झुंजवतोस?"

"कोण चोर?" दोमेंगचा चेहरा जाकिटाच्या वर लालबुंद झाला. "तीन एक्के! उजेडात! तुझ्या नाकासमोर!"

"खांबापासून टाकलेस का? लांब हात आहेत तुझे!"

"खाली बसा," बाई म्हणाल्या. कोणी बसलं नाही.

"पुलो!" दोमेंग दाराकडे वळला. त्याचा आवाज फाटला होता. साल्विंगनं तो आवाज असा कधी ऐकला नव्हता. मागणाऱ्याचा आवाज होता. "पारे, तू तरी सांग. एकदा सांग. मी लबाडी नाही केली."

साल्विंगनं नवऱ्याकडे पाहिलं नाही. बघितलं तर तो पुन्हा म्हणेल, असं तिला वाटलं. ती भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत राहिली.

पुलोनं टोपी एका हातातून दुसऱ्या हातात घेतली.

"टाकलं होतं," तो म्हणाला. "तिन्ही एक्के. बल्ब जायच्या आधी. आणि गेला तेव्हा त्याचा हात अजून पानांवरच होता." मग, इतक्या हळू की कारकुनाला मान पुढे करावी लागली, "मी पाहिलं."

दोमेंगचा श्वास सुटला. त्यानं विजयानं पासिंगकडे पाहिलं, खोलीभर पाहिलं, आणि पाहता पाहता त्याची नजर बाईंच्या पेनापाशी येऊन थांबली. पेन कागदापासून उचललेलं होतं.

"म्हणजे, सेन्यॉर फाबिला," बाई म्हणाल्या, "मीटर सुटलं तेव्हा तुम्ही काय करत होता?"

विलाफ्लोर खाकरला. दोमेंगनं त्याच्याकडे पाहिलं नाही. त्यानं जाकिटाची चेन वरपर्यंत ओढली, नीट केली, आणि सरळ उभा राहिला.

"मी जिंकत होतो, अ‍ॅटर्नी."

कारकून हसला आणि लगेच गप्प झाला. बाईंनी आधीची ओळ खोडली आणि खाली दुसरी लिहिली.

जिन्यावर दोमेंग साल्विंगच्या शेजारून उतरला. जाकीट काढून त्यानं घडी करून हातावर घेतलं होतं. आतला सदरा पाठीवर विरलेला होता. "हुशार आहात, मानांग," एवढंच म्हणाला. मारे नाही. बोलण्यासारखं होतं ते सगळं तिनं वर वापरून टाकलं होतं.

पुन्हा जोडणी

बुधवारी बिल रद्द झाल्याचा कागद आला आणि त्यानंतरच्या सोमवारी गाडी. नवं मीटर, नवी वायर. विलाफ्लोर नव्हता, दुसरी दोन माणसं होती. नवा रखवालदार म्हणजे गावप्रमुखाचा मेहुणा. पिवळं जाकीट त्याला सैल होत होतं. तो खांबाला पाठ टेकवून फोन बघत उभा राहिला.

ऊन डोक्यावर होतं. शिडी लावली, एक जण चढला. साल्विंग खांबाच्या बुडाशी उभी राहिली. आत पुलोनं भात ठेवला होता, कोळशावर मासा होता, त्याचा वास रस्त्यावर येत होता. शिडीवरच्या माणसानं दोनदा घराकडे पाहिलं. ती हलली नाही.

केळीच्या बनाकडून दोमेंग आला. अंगात विरलेला सदरा, काखेत सेन्यॉर. कोणाशी न बोलता तो शिडीच्या दुसऱ्या बाजूला उभा राहिला आणि त्यानं मान वर केली. उन्हानं त्याच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, तरी तो बघत राहिला. चिमट्यात सील दाबलं गेलं तसा तो मोठ्यांदा म्हणाला, "आकडा वाच."

"तुम्ही कोण?" शिडीवरचा म्हणाला.

"वाच म्हणतोय ना."

त्यानं वाचला. दोमेंगनं तो आकडा दोनदा मनाशी घोळवला. नव्या रखवालदारानं फोन खिशात ठेवला.

मग कागद पुढे आला. साल्विंगनं खिशातून पासिंगचा चष्मा काढून डोळ्यांवर चढवला आणि वाचायला सुरुवात केली. पहिल्या ओळीपासून. माणसं उन्हात घाम पुसत उभी होती. तिच्या कानांच्या पाळ्या लाजेनं तापल्या होत्या, आणि ती वाचत होती. पुढची बाजू झाली. तिनं कागद उलटला. अकराव्या नियमापाशी थांबली, साक्षीदाराच्या रकान्यात नव्या रखवालदाराची सही बघितली, तो खरंच तिथं उभा आहे हे बघितलं. मग खांबाला कागद टेकवून, दुखऱ्या हातानं, स्वतःचं पूर्ण नाव लिहिलं.

घरात फ्रीझर घरघरला. रस्त्यापलीकडेही तो ऐकू गेला.

"आता आत या," ती म्हणाली. "जेवलात का?"

संस्थेची माणसं लगबगीनं आत गेली, रखवालदार त्यांच्या मागून. दोमेंग जागचा हलला नाही. कोंबड्याच्या मानेवरून बोट फिरवत तो मीटरमधल्या फिरत्या आकड्याकडे बघत होता.

"पारे, तूही."

"जेवण राहू दे," तो म्हणाला. ती उन्हात थांबून राहिली. "बर्फ झाला की एक पिशवी ठेव. सेन्यॉरचा पाय सुजलाय, मारे."